अवघड माणूस



बरेच दिवस इथे काही लिहिलं नाही. गुडघेदुखीचं निमित्त तयार आहेच, पण खरं कारण वेगळं आहे. गेला दीड महिना मी एका हंगेरियन नटाच्या नादी लागले आहे. या वयात नटाच्या नादी लागणं शोभत नाही असं आमच्या धाकट्या जाऊबाई म्हणाल्या. तो नट जाऊन जवळजवळ पन्नास वर्षं झाली, असं सांगितल्यावर त्यांचं समाधान झालं.

नाव लातिनोविच झोल्तान. यात आडनाव आधी आणि नाव नंतर आहे, कारण हंगेरीत तशीच रीत आहे. मला ती फार आवडली. तेहतीस वर्षं हजेरीपटावर मी मुलांची नावं अशीच लिहिली. अख्खा देश हजेरीपटासारखा बोलतो, हे वाचून घरच्यासारखं वाटलं.

याची आणि माझी पहिली भेट खरं तर जुनी आहे. १९७० च्या दशकात पुण्यात एका फिल्म सोसायटीत आम्ही दोघं (म्हणजे मी आणि हे) हंगेरियन सिनेमा बघायला गेलो होतो. यांचो मिक्लोश या दिग्दर्शकाचा १९६६ चा सिनेमा. विस्तीर्ण मोकळं माळरान, पांढऱ्या भिंती, काळे झगे घातलेले शिपाई, आणि कैद्यांना गोल गोल फिरवणारी ती भयंकर शिस्त. बाहेर पडल्यावर हे म्हणाले, "काही कळलं नाही, पण झोप येणार नाही." त्या कैद्यांमधला एक चेहरा माझ्या लक्षात राहिला होता. काम फार मोठं नव्हतं, पण तो माणूस नुसता उभा राहिला तरी बाकीच्यांच्या आधी दिसायचा. नाव वाचायला तेव्हा वेळ मिळाला नाही. यंदा नातीने तिच्या लॅपटॉपवर एक हंगेरियन सिनेमा लावला आणि मी ओरडले, "अगं, हा तोच!" तिथून हे वेड सुरू झालं.

आता त्याची थोडी ओळख करून देते.

जन्म १९३१, बुडापेस्ट. आजोळ मोठं नावाजलेलं. आईचे वडील गुंडेल कारोय, बुडापेस्टच्या सर्वांत प्रसिद्ध रेस्टॉरंटचे मालक. अक्रोडाचं सारण भरलेली त्यांच्या नावाची धिरडी आजही तिकडे मिळतात. वडील घर सोडून गेले, आईने पुढे एका डॉक्टरांशी लग्न केलं. त्या लग्नातून दोन भाऊ झाले. एक बुयतोर इश्तवान, तोही लोकप्रिय नट, आणि दुसरा फ्रेनराइस कारोय, तो रॉक संगीतवाला. महायुद्धानंतर कम्युनिस्ट राजवट आली आणि १९४९ साली आजोबांचं रेस्टॉरंट सरकारजमा झालं. अशा घरातल्या मुलांकडे नवी राजवट संशयाने पाहायची. शाळा संपल्यावर हा सुतारकाम शिकला, पूलबांधणीच्या कामावर राबला, मग तांत्रिक विद्यापीठात शिरला आणि १९५६ साली वास्तुविशारद होऊन बाहेर पडला. पदवी हातात आली आणि हा गेला कुठे, तर देब्रेत्सेन गावच्या नाटक कंपनीत! नाट्यविद्यालयाची पायरी तो कधी चढलाच नाही.

आपल्याकडे डॉ. श्रीराम लागू नाक-कान-घशाचे सर्जन होते, ते सगळं सोडून रंगभूमीवर आले आणि पुढे 'लमाण' लिहिलं. मला पहिल्यांदा त्यांचीच आठवण झाली. दुसऱ्या विद्येतून आलेला माणूस नाटकाकडे वेगळ्या नजरेने बघतो. त्याला वाटतं, हेही शास्त्र आहे, यातही पाया, भिंत, भार असा हिशेब असला पाहिजे. तो नसला की त्याचा जीव तळमळतो.

देब्रेत्सेन, मिश्कोल्ट्स अशा गावांतून उमेदवारी करून १९६२ साली तो बुडापेस्टच्या वीगसीनहाझ या मोठ्या नाट्यगृहात दाखल झाला. रुत्काई एवा ही तिथली नामवंत अभिनेत्री, त्याच्याहून चार वर्षांनी मोठी. ती त्याची आयुष्याची जोडीदार झाली. दोघांनी तिथे रोमिओ-ज्युलिएट केलं. तेव्हा ती पस्तिशी ओलांडलेली होती आणि हा तिशी. तेरा वर्षांची ज्युलिएट शोधणाऱ्यांना काय वाटलं असेल ते असो, पण लोकांनी ते नाटक डोक्यावर घेतलं.

मी त्याचे जे सिनेमे पाहिले, त्यांतल्या चारांविषयी सांगते. बाकीचे तुम्ही शोधा.

पहिला 'सिंदबाद', १९७१ चा, हुसारिक झोल्तान यांचा. क्रूदी द्युला या लेखकाच्या कथांवरचा. हा सिंदबाद समुद्रावर जात नाही. तो बायकांच्या आणि जेवणाच्या आठवणींतून प्रवास करतो. त्यात एक जेवणाचा प्रसंग आहे. सिंदबाद नळीतला मगज ठोकून ठोकून भाजलेल्या पावावर काढतो, वर मीठमिरी टाकतो. शेजारी वेटर आपल्या संसाराची कर्मकहाणी सांगतोय आणि याचं सगळं लक्ष ताटात. मी शाकाहारी. तरी तो प्रसंग तीनदा पाहिला. खाण्यात एवढी एकाग्रता आणि समोरच्या माणसाच्या दुःखाकडे एवढं दुर्लक्ष, हे दोन्ही एकाच चेहऱ्यावर! आणि मग आठवलं की हा गुंडेल आजोबांचा नातू. जेवणाच्या टेबलाशी कसं बसावं हे त्याला शिकवावं लागलं नसणार.

दुसरा १९६९ चा, फाब्री झोल्तान यांचा, एर्केनी इश्तवान यांच्या गाजलेल्या कथेवरचा. महायुद्धाचे दिवस. एका खेड्यातल्या अग्निशमन प्रमुखाचा मुलगा आघाडीवर आहे. त्याचा वरिष्ठ, एक मेजर, मज्जातंतू थकले म्हणून विश्रांतीला यांच्या घरी येतो. मुलाचं भलं व्हावं म्हणून घरचे त्याची प्रत्येक लहर सांभाळतात. त्याला रात्री झोप येत नाही, म्हणून सगळं कुटुंब रात्ररात्र जागून पुठ्ठ्याची खोकी घडी करत बसतं. इकडे मुलगा कधीच मारला गेलेला आहे आणि गावचा पोस्टमन मायेपोटी वाईट बातमीची पत्रं त्यांच्यापर्यंत पोचूच देत नाही! मेजर म्हणजे लातिनोविच. तो ओरडत नाही. तो सभ्यपणे, जवळजवळ लाजत, एकेका माणसाचं पाणी करतो. शाळेत काही साहेब तपासणीला यायचे, तेव्हा आम्ही चहा, खुर्ची, पंखा यांची जी धावपळ करायचो ती मला आठवली आणि हसता हसता घास अडकला.

तिसरा १९६६ चा, कोवाच आंद्राश यांचा. जानेवारी १९४२ मध्ये हंगेरियन सैन्य आणि पोलिसांनी नोवी साद शहरात आणि आसपासच्या भागात हजारो सर्बियन आणि ज्यू माणसांना मारलं. त्या हत्याकांडाबद्दल पकडलेली चार माणसं १९४६ साली एका कोठडीत बसून बोलताहेत. प्रत्येकजण आपण किती थोडं केलं तेवढंच सांगतो. लातिनोविच त्यांच्यातला मेजर. त्याची स्वतःची बायको त्याच दिवसांत त्या शहरात होती. पुढचं सांगत नाही.

चौथा पुन्हा फाब्री यांचा, १९७६ चा, 'पाचवी मुद्रा'. त्यात तो साध्या कपड्यातला एक सुशिक्षित फॅसिस्ट आहे. माणसं कशी मोडायची हे तो एका तरुणाला शिकवतो. मारून नव्हे, त्यांचा स्वाभिमान घालवून. म्हणून पकडून आणलेल्या चार-पाच साध्या माणसांना सांगितलं जातं, समोर टांगलेल्या त्या अर्धमेल्या माणसाच्या थोबाडीत मारा आणि घरी जा. एवढंच. मी या प्रसंगाकडे परत येणार आहे.

ही झाली पडद्यावरची गोष्ट. पण मला जास्त ओढून नेलं ते त्याच्या आवाजाने. तो कविता म्हणायचा. अदी एंद्रे, योझेफ आतिला असे तिकडचे मोठे कवी. त्याच्या ध्वनिमुद्रिका निघाल्या. मला हंगेरियनचं एक अक्षर येत नाही. नातीने इंग्रजी भाषांतर समोर धरलं आणि मी ऐकलं. मंडळी, मी आयुष्यभर कविता शिकवली. 'हावभावासह कवितागायन' नावाच्या स्पर्धांची परीक्षक म्हणून शेकडो वेळा बसले. फूल म्हटलं की पाच बोटं उघडायची, सूर्य म्हटलं की हात वर. हा माणूस यातलं काही करत नाही. आवाज सजवत नाही, रडत नाही, श्रोत्याला काही वाटावं म्हणून खटपट करत नाही. कविता त्याला आत्ता, या क्षणी सुचते आहे असा तो बोलतो. जिथे आपण थांबलो नसतो तिथे थांबतो, आणि ते थांबणं बरोबर वाटतं. 'मी कविता म्हणतो' अशा अर्थाच्या नावाचं त्याचं पुस्तक त्याच्या मृत्यूनंतर १९७८ साली निघालं.

हयातीत, १९७३ साली, त्याचं दुसरं एक पुस्तक आलं होतं. त्याचं नाव 'केदसुर्कालो'. शब्दशः अर्थ, धुक्याला टोचणारा. धुकं टोचून फाटत नाही, तरी टोचत राहणारा. त्यात त्याने आपल्या देशाच्या रंगभूमीविषयी रोखठोक लिहिलं. नाटक कंपनी म्हणजे कचेरी नव्हे, ती एका ध्यासाने जगणारी मंडळी असली पाहिजे, हे त्याचं म्हणणं. तेव्हा हंगेरीत संस्कृतीचं सरकारी धोरण तीन शब्दांत सांगितलं जायचं : पाठिंबा, चालवून घेणं, बंदी. अशा ठिकाणी आपल्याच धंद्याविषयी असं लिहिणं म्हणजे सगळ्यांनाच दुखावणं. वरच्यांनाही आणि शेजारच्यांनाही.

आणि इथे तो शब्द येतो. अवघड. त्याच्याविषयी काहीही वाचा, दुसऱ्या-तिसऱ्या वाक्यात तो भेटतोच. अवघड माणूस, भांडखोर, तापट, कुणाशी पटत नाही. नाट्यगृहं बदलत राहिला. १९७१ पासून वेसप्रेम या लहान शहराच्या नाट्यगृहात काम करू लागला, तिथे दिग्दर्शनही केलं. मनाच्या आजाराचाही त्याला त्रास होता. ४ जून १९७६ रोजी बालातोन सरोवराच्या काठी, बालातोनसेमेश गावी, तो रेल्वेखाली गेला. वय ४४. 'पाचवी मुद्रा' लोकांपुढे आला तेव्हा तो या जगात नव्हता.

त्याच रुळांवर, थोड्याच अंतरावरच्या बालातोनसारसो इथे, ३ डिसेंबर १९३७ रोजी कवी योझेफ आतिला रेल्वेखाली गेला होता. तोच कवी, ज्याच्या कविता हा म्हणायचा. झालं! लोकांना अशी जुळणी फार आवडते. अपघात की आत्महत्या, यावर तिकडे आजही वाद चालतो, त्यावर लेख निघतात. माझं मत विचाराल तर या वादाने त्या माणसावर अन्यायच झाला आहे. आम्हाला शाळेत एक वाईट खोड असते, मुलगा नापास झाला की त्याचं सगळं वर्ष त्या एका निकालावरून सांगायचं. कुणाचाही शेवट हा त्याच्या कामाचा खुलासा नसतो. 'प्रतिभावंत होता, म्हणून वेडसर होता, म्हणून असा गेला' हे वाक्य वरून आदराचं वाटतं, पण त्यात एक सोय लपलेली आहे. तो काय म्हणत होता, याचं उत्तर मग कुणाला द्यावं लागत नाही.

म्हणजे माझं म्हणणं एवढंच आहे. एखाद्याला 'अवघड' म्हणणं हे बहुतेक वेळा त्याच्या स्वभावाचं वर्णन नसतं, त्याच्या म्हणण्यातून सुटण्याची ती वाट असते.

लगेच कुणी म्हणेल, बाई, तुम्ही लांबून बोलताय. त्याच्याबरोबर रोज काम करावं लागलं असतं तर कळलं असतं. खरं आहे. तापट माणसाबरोबर दिवस काढणं सोपं नसतं आणि दुसऱ्याने ते का सोसावं? प्रतिभा आहे म्हणून वाटेल तसं बोलायचा परवाना मिळत नाही. हे मला मान्य आहे. ते मी लांबून बोलत नाही, हे सांगण्यासाठीच आता ज्या गोष्टीसाठी हा लेख लिहायला बसले ती सांगते.

आमच्या शाळेत एक सर होते. मराठीच शिकवायचे, माझ्याहून सात-आठ वर्षांनी मोठे. कविता अशी वाचायचे की शेजारच्या वर्गात मी गणिताचा ऑफ तास सांभाळत असले तरी कान तिकडे जायचे. स्नेहसंमेलनातलं हातवाऱ्यांचं कवितागायन बंद करा, म्हणून ते दरवर्षी भांडायचे. पाठांतराच्या परीक्षेला गुण देऊ नका म्हणायचे. मुलांना अपेक्षित प्रश्नसंचातली उत्तरं लिहून दिली की ते शिक्षकखोलीत सगळ्यांसमोर म्हणायचे, "तुम्ही शिकवत नाही, वाढप करता." मलाही म्हणाले होते. एकदा तर वर्गात येऊन, मुलांच्या देखत, माझं फळ्यावरचं वाक्य दुरुस्त केलं. वाक्य माझं चुकलंच होतं. पण म्हणून असं?

एका जूनमध्ये शिक्षकखोलीत अर्ज फिरला. या सरांमुळे शाळेचं वातावरण बिघडतं, तरी त्यांची बदली संस्थेच्या दुसऱ्या शाळेत करावी. खाली सह्या. चौथी सही माझी आहे.

कुणी माझ्यावर जबरदस्ती केली नव्हती. नोकरी जायची भीतीही नव्हती. अर्ज समोर आला, पेन समोर आलं, घंटा व्हायला दोन मिनिटं होती. मी सही केली आणि तासाला गेले. सरांची बदली झाली. शिक्षकखोलीत शांतता आली. ती शांतता मला आवडली, हेही लिहून ठेवते. नाहीतर ही कबुली नुसती शोभेची होईल.

'पाचवी मुद्रा'तला थोबाडीचा प्रसंग पाहताना मला ती सही आठवली. दोन्ही गोष्टी सारख्या नाहीत, एवढं मला कळतं. तिथे जिवाचा प्रश्न होता. त्या सिनेमातला जो माणूस शेवटी थोबाडीत मारतो, त्याच्या घरी लपवलेली मुलं आहेत, त्यांच्यासाठी तो हा अपमान गिळतो. माझ्या घरी कोण लपलेलं होतं? कुणी नाही. माझी फक्त वेळ सोपी जायला हवी होती.

त्या अर्जात सरांच्या तोंडाळपणाचे पाच-सहा प्रसंग होते, आणि ते सगळे खरे होते. पण पाठांतर, हातवारे, प्रश्नसंच, या त्यांच्या तीन मुद्द्यांबद्दल अर्जात एक ओळही नव्हती. आम्ही त्यांच्या स्वभावावर सह्या केल्या आणि मुद्दे त्यांच्याबरोबर दुसऱ्या शाळेत पाठवून दिले. निवृत्तीच्या आधीची दहा वर्षं मी वर्गात कविता त्यांच्या पद्धतीने वाचायचे. आधी नुसती वाचायची, अर्थ नंतर. मुलं ऐकायची. हे त्यांना कळवायला हवं होतं. पत्ता मिळणं अवघड नव्हतं. मी कळवलं नाही, आणि मग ते गेल्याचं कळलं.

लातिनोविचला १९९० साली कोशुत पुरस्कार मिळाला, हंगेरीचा सर्वांत मोठा कलापुरस्कार. मरणानंतर १४ वर्षांनी. वेसप्रेमला एका रंगमंचाला त्याचं आणि त्याच्या भावाचं नाव दिलं आहे. नटांचा राजा म्हणून तिकडे त्याचं नाव घेतात. चांगलं आहे. पण मेलेला अवघड माणूस अवघड राहत नाही, तो शिक्षकखोलीत येऊन तुमचं वाक्य दुरुस्त करत नाही. त्याला हार घालायला काही पडत नाही.

हुसारिक यांना चित्रकार चोंतवारी याच्यावर सिनेमा करायचा होता आणि मुख्य भूमिकेत लातिनोविच हवा होता. तो गेल्यावर १९८० साली तो सिनेमा एका बल्गेरियन नटाला घेऊन पुरा झाला. पुढच्या वर्षी हुसारिकही गेले. त्या न झालेल्या भूमिकेचा मी विचार करते, तेव्हा त्याच्या मरणाचं गूढ मला लहान वाटतं. एवढं काम करायचं राहून गेलं, याचं वाईट वाटतं.

तर माझा सल्ला काय? सल्ला द्यायची खोड जात नाही, सांभाळून घ्या. तुमच्या ऑफिसात, सोसायटीच्या मीटिंगमध्ये, घरातही एखादा अवघड माणूस असेलच. त्याचं सगळं सोसा असं मी म्हणत नाही. त्याला सांगा, बोलणं सुधार. पण त्याआधी, किंवा निदान त्याच बैठकीत, त्याच्या मुद्द्याला उत्तर द्या. दोन वेगळे कागद करा. एकावर स्वभाव लिहा, एकावर मुद्दा. सही करायची तर दोन्ही वाचून करा.

ज्यांना लातिनोविच बघायचा आहे त्यांनी मेजरपासून सुरुवात करावी, सिंदबाद नंतर. कविता रात्री, सगळे झोपल्यावर ऐकाव्यात.

आणि माझं इथे काही चुकलं असेल तर स्पष्ट लिहा. मी तुम्हाला अवघड म्हणणार नाही.